लाल दगडाला अर्धी प्रदक्षिणा

परत आल्यापासून भेटणारा प्रत्येकजण विचारतो, श्रीलंकेत काय काय पाहिलंत? चहाचे मळे, हत्ती, अशोकवाटिका? यातलं आम्ही काहीही पाहिलं नाही. आम्ही पाहिला उत्तरेकडचा एक वाळूचा माळ. तिथलं युद्ध संपून बरीच वर्षं झाली, पण बायका अजून गुडघ्यांवर बसून जमिनीतले सुरुंग काढतात. अशा वर्णनाच्या शेवटी जाणाऱ्यांसाठी चार सूचना द्यायची माझी सवय आहे. या वेळी त्या मिळणार नाहीत. का, ते वाचून कळेल.

चिकलठाणा

छत्रपती संभाजीनगरात आमची एक छोटी संस्था आहे. शेळ्यामेंढ्या पाळणाऱ्या बायकांचे गट बांधणं हे तिचं काम. शहर जालना रोडने वाढत चाललंय, तसे चराईचे माळ प्लॉटिंगखाली जातायत. त्यात पाऊस लागोपाठ रुसलेला. माणसांना टँकरचं पाणी, जनावरांना तेही नाही. अशात सुरुंगबंदीसाठी काम करणाऱ्या एका परदेशी संस्थेने विचारलं, सुरुंग काढलेली जमीन पुन्हा गुरांखाली कशी आणतात हे पाहायला तुमच्या बायका येतील का? मी त्याच दिवशी होकार कळवला आणि याद्या करायला बसले.

याद्या ही माझी हौस आहे. औषधांची यादी, कागदपत्रांची यादी, कोणाला काय खायला चालत नाही त्याची यादी. सोबत काय घ्यायचं नाही याचीही एक होती: लोणचं, ठेचा, अडकित्ता, कसलीही सुटी पूड.

पाच जणी निघाल्या. त्यातल्या दोघी इथे सांगायला हव्यात. भामाबाई चिकलठाण्याच्या पलीकडच्या एका गावच्या, धनगर, साठीला टेकलेल्या. सगळं आयुष्य मेंढरांमागे गेलेलं, शाळेची पायरी चढलेल्या नाहीत. दुसरी प्रतिभा, मुकुंदवाडीची, बौद्ध घरातली, बारावी झालेली. गटाचा हिशोब तीच ठेवते, आणि फोन तिच्या हातातून सुटत नाही.

मुंबईच्या विमानतळावर तपासणीत भामाबाईंच्या कमरेच्या चंचीतून पिवळी पुडी निघाली. जवानाने ती उजेडात धरली.

"हे काय आहे, आजी?"

"भंडारा हाय, बाबा. नव्या शिवारात पाऊल टाकायचं म्हंजी तिथल्या देवाला लावाया लागतंय."

जवान सोलापूरकडचा निघाला. त्याने इकडेतिकडे बघून चिमूटभर स्वतःच्या कपाळाला लावला आणि पुडी परत केली. मी म्हणाले, "भामाबाई, पूड घ्यायची नाही असं यादीत होतं ना?"

"तुमच्या यादीत देवाला जागा कुठाय, मॅडम?" त्या म्हणाल्या. बाकीच्या चौघी तोंडाला पदर लावून हसल्या. मीही हसले. पुढच्या सगळ्याची खूण तिथेच होती; मला ती दिसली नाही.

जाफनाच्या अलीकडे

कोलंबोहून उत्तरेला जाताना हिरवा रंग हळूहळू विरत जातो. मग पांढरी वाळू, काटेरी झुडपं आणि ताडाची झाडं लागतात. खूप झाडांना माथेच नाहीत. नुसते खांब उभे. तोफांनी उडवलेले, असं ड्रायव्हरने सांगितलं. बायका खिडकीला नाक लावून मोजायला लागल्या आणि मग त्यांनी मोजायचं सोडून दिलं.

एका वळणावर गाडी थांबवली. रस्त्याकडेला तारेचं कुंपण, त्यावर कवटीचा लाल फलक आणि कुंपणाच्या आत, हाकेच्या अंतरावर, एक विहीर. आदल्या पावसाने काठोकाठ भरलेली. वर एक बगळा बसला होता. माणसाने तिथवर जायची सोय नव्हती.

बायकांचे पाय तिथून निघेनात. सकाळचा टँकर चुकला म्हणून ज्यांची शेजारणीशी भांडणं झालेली, त्यांना हे पाणी बघवत नव्हतं.

"काय म्हनावं ह्याला," भामाबाई म्हणाल्या. "आपल्याकडं इहिरीला वाट हाय, पानी नाय. ह्यांच्याकडं पानी हाय, तर वाट नाय."

"आपल्याकडली वाट बी जातीय, मावशे," प्रतिभा म्हणाली. "प्लॉटिंगवाल्यानं तार वढली की झालं."

"तारंला हात लावला तर पाय तुटत नाय गं बाई. उगं बरोबरी करू नगंस."

मीही अशीच एक तुलना मनात जुळवत होते, अहवालासाठी. ती तिथेच सोडून दिली.

वसंतीच्या तळावर

ज्या तुकडीचं काम पाहायचं होतं तिची प्रमुख वसंती. चाळिशीची, काटक, रंगाने भामाबाईंसारखीच रापलेली. नाव ऐकताच बायकांना ती घरचीच वाटली. तिला तमिळ आणि कामापुरतं इंग्रजी. बायकांना मराठी आणि संभाजीनगरची हिंदी; प्रतिभाला थोडं इंग्रजी कळतं, बोलता येत नाही. दोन्हीकडचं ऐकून पलीकडे पोचवणारी मी एकटी.

दुपारचं जेवण झावळ्यांच्या छपराखाली झालं. तांबूस जाड भात, वांग्याची नारळाच्या दुधातली भाजी, ओल्या खोबऱ्याची तिखट चटणी, सुकट. भामाबाईंनी भाताचं शीत बोटावर धरून पाहिलं. "ह्यो भात आजारी हाय का? लाल कशानं झाला?" मग दोनदा मागून घेतला. प्रतिभाने सुकटीवर असा हात मारला की वाढणारी बाई खूश होऊन तिच्यापाशीच बसली. आम्हाला भाकरीची आठवण पहिल्या घासाला आली, नंतर आली नाही.

जेवताना वसंतीने सुरुंगबंदीच्या कराराबद्दल सांगितलं. सुरुंग बनवायचे नाहीत, साठवायचे नाहीत, पेरायचे नाहीत. पेरलेले काढायचे आणि ज्यांचे पाय गेले त्यांना सांभाळायचं. तिचा देशही त्यात उशिराच आला.

भामाबाईंनी विचारायला लावलं, "आन् कुनी मोडलं तर? पोलीस येत्यात का?"

वसंती म्हणाली, पोलीस नाहीत. पण पुष्कळ देशांनी सही केली की न करणाऱ्यालाही चारचौघांत सुरुंग पेरायची लाज वाटायला लागते. बराचसा करार त्या लाजेवर चालतो.

"भावकीत बी असंच असतंय," भामाबाई म्हणाल्या. "वाळीत टाकाया पोलीस लागत नाय."

वसंतीने मला विचारलं, "तुमच्या देशाने सही केली ना?"

"अर्थात," मी म्हणाले. गांधीजींचा देश, केलीच असणार. मी शोधलं नव्हतं. प्रतिभाने फोनवर शोधलं.

"मॅडम, आपलं नाव नाय त्यात. सीमेवर लागत्यात म्हनं."

तिने फोन माझ्यासमोर धरला. वसंतीला तेवढ्यावरून कळलं. तिने भाताचं पातेलं माझ्याकडे सरकवलं. मी पुन्हा वाढून घेतलं, कारण दुसरं काय करावं ते सुचेना.

माळावर

दुसऱ्या दिवशी आम्ही निघालो तेच उशिरा. गाडीचं चाक वाळूत रुतलं होतं आणि माझं वेळापत्रक कोलमडलं होतं. माळावर जाण्याआधी वसंतीने सूचना दिल्या. सावकाश आणि एकेक करून. पांढऱ्या खुणांच्या मधूनच चालायचं. काही उचलायचं नाही. कुठे चुकलो असं वाटलं तर जागच्या जागी उभं राहायचं. लाल रंग जिथे दिसेल, खुंटावर किंवा दगडावर, त्याच्या पलीकडे जायचं नाही आणि त्याला वळसाही घालायचा नाही. जमीन कडक असते तिथे खुंट ठोकता येत नाही, म्हणून रंगवलेला दगड ठेवतात.

मी मराठीत सांगितलं, "ताईंच्या मागे मागे चालायचं. कशाला हात लावायचा नाही. फोटो नंतर."

झालं. लाल रंग मी गाळला. लाल म्हणजे धोका, हे कोणाला सांगावं लागतं?

वसंती म्हणाली, "आता प्रत्येकीने मला परत सांगायचं. तसा नियम आहे." मी घड्याळ दाखवलं. "सगळ्यांना समजलंय. मी यांना ओळखते." ती क्षणभर घुटमळली. पाहुण्यांचा मान, माझं ठाम इंग्रजी, डोक्यावर चढणारं ऊन. "बरं," ती म्हणाली.

माळावर बायका एकमेकींपासून लांब लांब, आपापल्या अरुंद पट्टीत गुडघ्यांवर बसलेल्या. तोंडासमोर जाड पारदर्शक ढाल, हातात छोटं खुरपं. आपल्याकडे निंदणी करतात तसंच दिसतं, फक्त एकीचंही तोंड चालत नाही. वसंती आम्हाला जमिनीतला धातू शोधणारं एक यंत्र दाखवत होती. आम्ही सगळ्या त्यावर वाकलो होतो. सगळ्या, असं मला वाटलं.

मागे, एका कडुनिंबाखाली, एक दगड होता. गुडघ्याएवढा, वरून खालपर्यंत लाल रंगवलेला.

कडुनिंबाखालचा लाल दगड आमच्याकडच्या मेंढपाळ बाईला काय सांगतो, हे मी खरं तर जन्मापासून जाणते. भामाबाई पांढऱ्या खुणांतून शिस्तीत मागे गेल्या. चंचीतून पुडी काढली. दगडाला भंडारा लावला, डोकं टेकवलं. एवढ्यावर थांबल्या असत्या तरी चाललं असतं, कारण दगडाची अलीकडची बाजू मोकळी केलेली होती. पण देवाला हात जोडून तसंच परत फिरायचं नसतं. त्या उजवी घालायला, म्हणजे प्रदक्षिणेला, निघाल्या.

वसंतीची शिट्टी वाजली. लांब, एकच. माळावरची प्रत्येक बाई हातातलं तसंच ठेवून उठून उभी राहिली. भामाबाई दगडाच्या बरोबर मागे होत्या, न तपासलेल्या जमिनीवर, हात जोडलेल्या.

वसंती मला म्हणाली, "त्यांना सांगा, हलू नका." मी त्या लाल दगडाकडेच बघत राहिले. प्रतिभा ओरडली.

"मावशे, खांबावानी उभी ऱ्हा! पाय उचलू नगंस!"

"का गं? साप हाय का?"

"सुरुंग हाय!"

"देवाच्या मागं सुरुंग कोन पुरंल, मेले?"

"त्यो देव नाय, मावशे! खुणंचा दगड हाय! लालच्या पल्याड जायाचं नव्हतं!"

भामाबाईंनी दगडाकडे पाहिलं, मग पायांखाली, मग माझ्याकडे. "मला कुनी सांगितलं नाय," त्या म्हणाल्या. आवाजात राग नव्हता. मराठी समजणाऱ्या सगळ्यांनी ते ऐकलं.

वसंती स्वतः खाली बसली. दुसऱ्या कोणाला तिने जाऊ दिलं नाही. दगडापासून भामाबाईंच्या पायांपर्यंत ती एकेक वीत जमीन तपासत सरकत होती: आधी यंत्र, मग खुरपं, मग हात. अंतर चार ढांगांचंही नव्हतं. ऊन वर आलं, सावली पायाशी आली, तरी ती पोचली नव्हती. भामाबाई हलल्या नाहीत. मेंढरांमागे उभं राहण्यात आयुष्य गेलेलं. मधेच त्या वसंतीशी बोलायला लागल्या.

"लेकरं किती गं तुला? घरी कोन बघतंय त्यान्ला?"

वसंती मान वर न करता तमिळमध्ये काहीतरी म्हणाली.

"व्हय का? माझी बी दोनच," भामाबाई म्हणाल्या. ती दोन म्हणाली होती की नाही, देव जाणे.

प्रतिभा पांढऱ्या खुणांपाशी उभी राहून बडबडत होती, मावशीचं लक्ष पायांकडे जाऊ नये म्हणून. मी काहीच करत नव्हते. हातात पाण्याची बाटली धरून उभी होते. ती तिथवर पोचवता येत नव्हती.

वसंतीचा हात अखेर भामाबाईंच्या पायाला लागला. तपासलेल्या पट्टीवरून तिने त्यांना एकेक पाऊल टाकत बाहेर आणलं. जमिनीत काहीही सापडलं नाही. प्रतिभा म्हणाली, "म्हंजी काय नव्हतंच!" ते मी वसंतीला सांगितलं. ती म्हणाली, "हे तपासल्यावर कळलं." मग ती एका पेटीवर बसली आणि ढाल काढून तिने ओंजळीत तोंड झाकून घेतलं.

तंबूत

काम थांबलं म्हणजे चौकशी होणार. वरचे साहेब आले. परदेशी, उंच, हळू बोलणारे. तंबूत टेबलामागे बसले. समोर वसंती, मी, भामाबाई आणि प्रतिभा.

त्यांनी वसंतीला विचारलं, सूचना दिल्या होत्या का? दिल्या होत्या. लाल दगडाची? हो. मग या बाई तिकडे का गेल्या? साहेबांनी हात पुढे केला. तिने गळ्यातली शिट्टी काढून टेबलावर ठेवली. शिट्टी फक्त तुकडीच्या प्रमुखाकडे असते. कितीतरी वर्षं गुडघ्यांवर काम केल्यावर ती तिला मिळाली होती.

भामाबाईंना इंग्रजीचा शब्द कळत नव्हता, पण शिट्टी उतरलेली कळली.

"त्या साहेबाला सांगा," त्या मला म्हणाल्या, "ह्या पोरीनं सांगितलं होतं. समदं सांगितलं होतं. मीच ऐकलं नाय. मी अडानी बाई."

मी ते इंग्रजीत सांगितलं. नीट, व्यवस्थित वाक्यांत.

साहेबांनी मान हलवली. मग इथून पुढे अशा बायकांना आत आणू नये, ते म्हणाले. शिकलेले पाहुणेच आणा.

"काय म्हनला?" भामाबाईंनी विचारलं.

मी म्हणाले, "काही नाही. ठीक आहे म्हणाले."

प्रतिभाला तेवढं इंग्रजी येतं. ती माझ्याकडे बघत राहिली. "ठीक हाय म्हनला का, मॅडम?"

मी उत्तर देण्याआधी वसंती साहेबांशी बोलली. "नाही, सर. मी या बाईंना विचारलंच नाही. प्रत्येकीने परत सांगायचा नियम आहे. मी मॅडमचं ऐकलं आणि पुढे गेले."

शिट्टी टेबलावरच राहणार, हे तिला बोलण्याआधी माहीत होतं.

त्या तंबूत दोन्ही भाषा बोलू शकणारी मी एकटी होते. सगळ्यांची वाक्यं माझ्या तोंडून गेली आणि माझं स्वतःचं एकही नव्हतं. ज्या बाईला मी न तपासलेल्या जमिनीवर उभं केलं, तिच्या तोंडून माझी चूक पुसली गेली होती, आणि मी तिचं भाषांतर सुबक केलं होतं. मग मी सांगितलं: लाल रंगाचं मी सांगितलंच नाही, घाई मी केली, सगळ्यांना समजलंय असं खोटं मी म्हणाले. साहेबांनी ते लिहून घेतलं. माझ्याकडे बघितलं नाही. "परत न विचारणं ही प्रमुखाची चूकच," ते म्हणाले. "तिला सूचना देण्याची परीक्षा पुन्हा द्यावी लागेल. पाहुणे मिळतील तेव्हा."

बाहेर आल्यावर मी भामाबाईंची माफी मागायला गेले. "तुम्ही माझ्यासाठी खोटं का बोललात?"

"तुमच्यासाठी?" त्या खरंच चकित झाल्या. "मी तिच्यासाठी बोलले, मॅडम. मला कोन कामावरून काढतंय? मेंढरं?"

शेवटची सकाळ

निघायच्या दिवशी सकाळी मी जाफनाचा किल्ला ठेवला होता. प्रतिभा आदल्या संध्याकाळी म्हणाली, "किल्ला आपल्या दौलताबादला हाय की. तिला पाहुनं पायजेत ना परीक्षेला? आमी पाच जनी काय दगड हाय का?"

मी साहेबांना विचारायला गेले. पाहुणे म्हणून याच बायका चालतील, पण दुभाषी नको, असं ते म्हणाले. एवढंच. रागाने नाही, नियम सांगावा तसं.

माळाच्या कडेला तळाची एक मोकळी जागा आहे. तिथे सरावासाठी पांढरे आणि लाल दगड मांडलेले असतात. वसंतीने बायकांना एका ओळीत उभं केलं. मी लांब, गाडीपाशी, सामानाजवळ थांबले. तिने एकही वाक्य बोलायचा प्रयत्न केला नाही. पांढऱ्या दगडांतून चालून दाखवलं. खाली पडलेला डबा उचलल्यासारखं केलं आणि स्वतःच्याच हातावर चापट मारली. बायका हसल्या. लाल दगडापाशी थांबली, एक पाय आपला नाहीच असं दाखवून लंगडत मागे आली. कोणी हसलं नाही. मग ती एकेकीसमोर गेली आणि तिच्याकडून सगळं करून घेतलं. प्रतिभाने चापट जास्तच जोरात मारून घेतली. सगळ्यांत जास्त वेळ तिने भामाबाईंपाशी घालवला. भामाबाईंनी एकदा चुकून एक पाऊल मागे टाकलं, तर तिने त्यांना पहिल्यापासून पुन्हा चालायला लावलं. म्हातारी म्हणून सूट दिली नाही. माझी भाषा जिथे नव्हती, तिथे सगळं नीट पोचत होतं.

साहेब बाजूला उभे राहून पाहत होते. पाचवीचंही करून झाल्यावर ते पुढे आले, खिशातून शिट्टी काढली आणि वसंतीसमोर धरली. बायकांनी टाळ्या वाजवायला सुरुवात केली. ड्रायव्हरने हॉर्न दिला; निघायला उशीर झाला होता.

वसंतीने शिट्टी घेतली नाही. तिने ओळीवरून नजर फिरवली, मग गाडीकडे, माझ्याकडे बघितलं.

"पाहुणे सहा आहेत," ती म्हणाली. "एक राहिलंय."

टाळ्या थांबल्या. मी पिशवी खाली ठेवली आणि जाऊन भामाबाईंच्या मागे उभी राहिले.